डावा हात ठरवतो कोण?

सचिन तेंडुलकर कायम उजव्या हाताने फलंदाजी करत आला, गोलंदाजीही त्याने उजव्याच हाताने केली. पण चाहत्याने पुढे केलेल्या बॅटवर सही करायची वेळ आली की पेन त्याच्या डाव्या हातात जाते. सांगलीच्या स्मृती मानधनाचे बरोबर उलट. तिच्या डावखुऱ्या कव्हर ड्राइव्हचे कौतुक जगभर होते, पण सीमारेषेजवळून चेंडू फेकताना तिचा उजवा हात पुढे येतो. मूळची ती उजव्या हाताची. भावाचे बघून तिने डावखुऱ्या फलंदाजाचा पवित्रा उचलला. बॅट शेवटी दोन्ही हातांनी धरायची असते आणि डावखुऱ्या फलंदाजाचा वरचा, दिशा देणारा हात उजवाच असतो. 2016मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात असा 'उलटा' पवित्रा घेणारे खेळाडू नवख्यांच्या तुलनेत व्यावसायिक फलंदाजांत सातपट आढळले होते.

मैदानावरचा डावेपणा शिकता येतो, तो असा. पण दात घासताना, सुईत दोरा ओवताना, आगकाडी ओढताना किंवा पहिल्यांदा पाटीवर रेघ मारताना जो हात आपसूक पुढे येतो, तो कुणी शिकवलेला नसतो. तो कुठून येतो?

मराठी घरांत याची दोन उत्तरे तयार असतात. एक, "आजोबांवर गेलाय." दुसरे, "लहानपणी कुणी लक्ष दिले नाही, सवय लागली." म्हणजे एक तर रक्त, नाही तर वळण. माणसाच्या कोणत्याही गुणाबद्दल बोलताना आपण या दोन खुंट्यांपैकी एकीवर तो टांगून मोकळे होतो. डावखुरेपणाच्या जनुकशास्त्राचा गेल्या पन्नासेक वर्षांचा अभ्यास वेगळ्याच ठिकाणी जाऊन पोहोचला आहे आणि ते ठिकाण केवळ हातापुरते महत्त्वाचे नाही.

आधी प्रमाण. 2020मध्ये तेवीस लाखांहून अधिक लोकांची माहिती एकत्र करून काढलेला आकडा 10.6 टक्के आहे. डावखुरेपणा कसा मोजायचा यावर तो थोडा खाली-वर होतो. पुरुषांत प्रमाण किंचित जास्त, स्त्रियांत किंचित कमी. पण उजव्या हाताचे लोक अल्पसंख्य आहेत असा एकही समाज आजवर सापडलेला नाही.

ही बहुसंख्या फार जुनी आहे. क्रोएशियातील क्रापिना आणि स्पेनमधील अतापुएर्का इथे सापडलेल्या प्राचीन मानवांच्या पुढच्या दातांवर बारीक तिरके ओरखडे आहेत. ही माणसे मांसाचा किंवा कातड्याचा तुकडा एका बाजूने दातांत धरत, दुसरी बाजू एका हाताने ताणत आणि दुसऱ्या हातातल्या दगडी पात्याने तो कापत. पाते कधी दातावर घसरे. ओरखडा कोणत्या बाजूला झुकला आहे, यावरून पाते कोणत्या हातात होते ते कळते आणि बहुतेक ओरखडे उजव्या हाताची साक्ष देतात. टांझानियात सापडलेल्या सुमारे अठरा लाख वर्षांपूर्वीच्या एका जबड्यावरही तशाच खुणा दिसल्या आहेत. शाळा, लिपी, धर्म यांतले काहीही नव्हते तेव्हाही माणसाचा कल उजवीकडेच होता. तेव्हा केवळ वळणाने हे झाले असे म्हणता येत नाही.

रक्ताची बाजू तपासली तर सुरुवातीला ती भक्कम वाटते. आई-वडील दोघेही उजव्या हाताचे असतील, तर दहातले एखादे मूल डावखुरे निघते. दोघांपैकी एक डावखुरा असेल तर पाचातले एक, दोघेही डावखुरे असतील तर साधारण चारातले एक. मुले बघून-बघून शिकत असतील ही शंका 1980मध्ये दत्तक मुलांच्या अभ्यासाने बरीचशी दूर केली: दत्तक मुलांचा हात पालक आई-वडिलांशी जुळत नव्हता, पोटच्या मुलांचा मात्र आई-वडिलांशी जुळत होता. पण हेच आकडे दुसऱ्या बाजूने वाचले तर रक्ताची बाजू डगमगते. दोन डावखुऱ्या आई-वडिलांची चारातली तीन मुले उजव्या हाताची निघतात. आणि जगातले बहुतेक डावखुरे जन्मतात ते उजव्या हाताच्या जोडप्यांच्या पोटी.

खरी कोंडी होते ती एकसारख्या जुळ्यांपाशी. एकाच फलित बीजाचे दोन भाग होऊन जन्मलेली ही भावंडे. जनुके तीच, गर्भाशय तेच, घर तेच, ताट-वाटीही बहुधा तीच. तरी अशा साधारण पाच जोड्यांपैकी एका जोडीत एकाचा हात उजवा असतो आणि दुसऱ्याचा डावा. ऑस्ट्रेलिया आणि नेदरलँड्समधील पंचवीस हजारांवर कुटुंबांच्या माहितीतून 2009मध्ये जो हिशेब निघाला, त्यात हातांमधल्या फरकाचा जेमतेम चौथा हिस्सा जनुकांच्या नावे पडला. भावंडांना सारख्याच मिळणाऱ्या घरच्या वातावरणाचा वाटा जवळपास शून्य आला. उरलेले पाऊण प्रमाण कुणाच्या खाती मांडायचे?

ही कोंडी फोडणारी कल्पना ब्रिटिश मानसशास्त्रज्ञ मॅरियन अ‍ॅनेट यांनी 1972मध्ये मांडली. तोवर सगळे डावखुरेपणाचे जनुक शोधत होते. अ‍ॅनेट म्हणाल्या, असे जनुकच नसावे. जे आहे ते उजवीकडे झुकवणारे आहे. ते ज्याच्याकडे नाही, तो डावखुरा ठरत नाही. त्याचा कोणताच कल ठरलेला नसतो. लंडनच्या क्रिस मॅकमॅनस यांनी पुढे याच धाग्यावर एक नेटके गणित बांधले. त्यांनी एकाच जनुकाची दोन रूपे कल्पिली: एक 'उजवे', दुसरे 'योगायोगाचे'. प्रत्येकाला आईकडून एक आणि वडिलांकडून एक रूप मिळते. दोन्ही उजवी मिळाली तर माणूस उजव्याच हाताचा होणार. दोन्ही योगायोगाची मिळाली तर सरळ नाणेफेक: निम्मी शक्यता इकडे, निम्मी तिकडे. एकेक मिळाले तर डावखुरे होण्याची शक्यता चारात एक.

हे गणित कागदावर सोडवून बघण्यासारखे आहे. समजा, समाजात योगायोगाच्या रूपाचे प्रमाण वीस टक्के आहे. मग शंभरातल्या चौसष्ट जणांकडे दोन्ही रूपे उजवी असतील, बत्तीस जणांकडे एकेक आणि चौघांकडे दोन्ही योगायोगाची. बत्तीसचा चौथा हिस्सा आठ, चारचे निम्मे दोन. बेरीज दहा. जगभर दिसणारा दहा टक्क्यांचा आकडा असा आपोआप हाती येतो. शिवाय जुळ्यांचे कोडेही सुटते. दोघांना जनुके सारखी मिळतात, पण नाणे प्रत्येकासाठी वेगळे उडते. आणि एक अनपेक्षित गोष्टही दिसते: ज्यांच्याकडे योगायोगाचे रूप आहे असे छत्तीस जण आहेत, त्यांतले सव्वीस उजव्या हाताचे आहेत. जनुकांकडे पाहिले तर कितीतरी उजवे लोक डावखुऱ्यांसारखेच आहेत. फक्त त्यांचे नाणे दुसऱ्या बाजूने पडले.

इतके सुरेख गणित. पण त्यातले एकमेव जनुक प्रत्यक्षात सापडले नाही. हजारो लोकांचा जनुकसंच तपासण्याची साधने हाती आल्यावर ते सापडायला हवे होते, इतका त्याचा परिणाम मोठा असायला हवा होता. 2013च्या सुमारास मॅकमॅनस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनीच सांगून टाकले की हे काम एका जनुकाचे नाही, किमान तीस-चाळीस ठिकाणांचे असावे. आपल्याच सिद्धांताचा एवढा लाडका भाग पुराव्यापुढे सोडून देणे सोपे नसते. विज्ञान पुढे सरकते ते अशा माणसांमुळे, ही गोष्ट इथे आवर्जून नोंदवली पाहिजे.

त्यांचा अंदाज खरा ठरला. 2019मध्ये ब्रिटनमधील सुमारे चार लाख लोकांच्या जनुकसंचांतून डावखुरेपणाशी जोडलेली चार ठिकाणे हाती लागली. 2021मध्ये सतरा लाखांहून जास्त लोकांच्या माहितीतून ती एकेचाळीस झाली. दोन्ही हात सारखेच चालवणाऱ्यांशी जोडलेली आणखी सात ठिकाणे सापडली आणि त्यांचा डावखुरेपणाच्या जनुकांशी फारसा मेळ बसला नाही. म्हणजे दोन्ही हात चालवणारा माणूस हा उजव्या-डाव्याच्या मधला थांबा नव्हे. त्याची वाट वेगळी आहे. मात्र सर्रास आढळणारे सगळे जनुकभेद एकत्र धरले तरी हातांमधल्या फरकाचा फार थोडा भाग, जेमतेम पाच-सहा टक्क्यांपर्यंतचा, त्यांतून समजतो. प्रत्येक ठिकाण तराजूच्या पारड्यात चिमूटभरच काहीतरी टाकते.

ही ठिकाणे करतात काय? त्यांतली बरीचशी पेशींमधल्या सूक्ष्मनलिकांशी संबंधित आहेत. ट्युब्युलिन नावाच्या प्रथिनाच्या विटा एकावर एक रचत या पोकळ नळ्या बनतात. पेशीला आकार त्या देतात, माल इकडून तिकडे नेण्याचे रूळही त्याच होतात आणि मज्जापेशी जेव्हा लांबवर तंतू सोडते तेव्हा त्या तंतूचा कणाही त्यांचाच असतो. 2024मध्ये नेदरलँड्समधील नायमेगेनच्या माक्स प्लांक संस्थेत क्लाइड फ्रँक्स यांच्या गटाने साडेतीन लाख लोकांच्या जनुकांचे प्रथिने घडवणारे भाग तपासले. ट्युब्युलिनच्या एका प्रकाराच्या जनुकात, टीयूबीबी4बी या जनुकात, क्वचित आढळणारे बदल डावखुऱ्यांत 2.7 पट जास्त निघाले. असे बदल असणारे लोक मुळातच अगदी थोडे आहेत, त्यामुळे डावखुऱ्यांची मोठी संख्या त्यातून समजत नाही. पण यंत्रणा कुठे शोधायची याचा पत्ता मात्र लागतो. मेंदूच्या डाव्या-उजव्या बाजू वेगळ्या वाटेने वाढू लागतात, त्याची सुरुवात पेशीच्या या सांगाड्यात कुठेतरी असावी.

हृदय डावीकडे आणि यकृत उजवीकडे बसवणारी यंत्रणाच हातही ठरवत असेल, असे वाटणे स्वाभाविक आहे. गर्भाच्या अगदी सुरुवातीच्या दिवसांत काही पेशींवरचे सूक्ष्म केस भोवऱ्यासारखे फिरून द्रवाचा प्रवाह एका बाजूला ढकलतात आणि त्या प्रवाहावरून शरीराला आपली डावी बाजू कळते. ज्यांचे हे केस जन्मतः निकामी असतात, त्यांच्यापैकी निम्म्यांचे हृदय उजवीकडे असते. पण त्यांचे हात? त्यांच्यात डावखुरे इतरांपेक्षा जास्त नाहीत. हृदयाची बाजू एका वाटेने ठरते, हाताची दुसऱ्या.

हाताची बाजू ठरते मात्र फार लवकर. बेलफास्टच्या पीटर हेपर यांनी सोनोग्राफीतून पोटातली बाळे कोणता अंगठा चोखतात ते पाहिले. दहातली नऊ उजवा चोखत होती. त्यांतल्या पंचाहत्तर मुलांना त्यांनी दहा-बारा वर्षांची झाल्यावर पुन्हा तपासले. पोटात उजवा अंगठा चोखणारी साठच्या साठ मुले उजव्या हाताची निघाली. डावा चोखणाऱ्या पंधरांपैकी दहा डावखुरी झाली, पाच उजवी. दहाव्या आठवड्याच्या आसपास गर्भ एक हात दुसऱ्यापेक्षा जास्त हलवू लागतो, हेही त्यांनी नोंदवले. तेव्हा मेंदूच्या हालचाल घडवणाऱ्या भागाच्या तारा पाठीच्या मज्जारज्जूपर्यंत पोहोचलेल्याही नसतात. 2017मध्ये जर्मनीतील संशोधकांना आठ ते बारा आठवड्यांच्या गर्भाच्या मज्जारज्जूतच डावी-उजवी जनुके वेगवेगळ्या जोराने काम करताना दिसली.

आता ते उरलेले पाऊण प्रमाण. फ्रँक्स यांच्या गटाचे मत असे, की बहुतेक डावखुरे घडतात ते गर्भातल्या मेंदूच्या वाढीतील निव्वळ योगायोगाने. त्यामागे ना मोठा जनुकबदल असतो, ना आईच्या खाण्यापिण्यातली काही चूक. एखादा रेणू ऐन वेळी पेशीच्या या टोकाला जास्त साचतो, एखादा तंतू थोडा आधी निघतो, कललेले पारडे त्या क्षणी दुसऱ्या बाजूला जाते आणि पुढची सगळी वाढ त्या क्षणावर रचली जाते. जनुके म्हणजे घराचा तपशीलवार नकाशा नव्हे. ती वाढीचे नियम देतात, आणि त्या नियमांत योगायोगाला जागा ठेवलेली असते.

डावखुरेपणाच्या अभ्यासाने हाती आलेली ही सर्वांत मोलाची गोष्ट आहे. रक्त आणि वळण यांच्या जोडीला माणूस घडवणारे तिसरे काहीतरी आहे, आणि ते क्षुल्लक नाही; हाताच्या बाबतीत तर ते बाकीच्या दोघांहून मोठे आहे. या तिसऱ्या गोष्टीचा विसर पडला की आपण दोष द्यायला माणूस शोधू लागतो. मुलाचे काही वेगळे निघाले की सासरचे माहेरच्या रक्ताकडे बोट दाखवतात, शेजारी संस्कारांकडे. कितीतरी आयांनी हा जाच विनाकारण सोसला आहे. हाताचे उदाहरण इतके स्वच्छ आहे की त्यावरून इतर बाबतींतही जरा थांबून विचार करावा.

वळणाला अर्थ नाही, असे मात्र नव्हे. वळण हात बदलू शकते. हात ज्या मेंदूतून चालतो तो मेंदू ते फारसे बदलू शकत नाही. महात्मा गांधींनी 1909मध्ये इंग्लंडहून दक्षिण आफ्रिकेला जाताना 'किल्डोनन कॅसल' बोटीवर 'हिंद स्वराज्य' लिहिले. उजवा हात थकला की ते डाव्याने लिहीत. हस्तलिखितातली सुमारे चाळीस पाने डाव्या हाताची आहेत. निश्चयी माणूस दुसरा हात कमावू शकतो. पण लहानपणी सक्तीने उजव्या हाताने लिहायला लावलेल्या डावखुऱ्यांच्या मेंदूची प्रतिमा प्रौढपणी घेतली, तेव्हा उजव्या हाताने लिहितानाही त्यांच्या मेंदूचा उजवा भाग जन्मजात उजव्यांपेक्षा जास्त कामाला लागलेला दिसला. हात वळला, मूळचा कल आत तसाच राहिला.

सक्तीने आकडे कसे फसवे होतात, याचे एक उदाहरण अजूनही लोकांच्या तोंडी आहे. 1991मध्ये स्टॅनली कोरेन आणि डायेन हाल्पर्न या मानसशास्त्रज्ञांनी दक्षिण कॅलिफोर्नियातील मृतांच्या नातेवाइकांकडून माहिती घेऊन जाहीर केले, की उजव्या हाताचे लोक सरासरी पंचाहत्तराव्या वर्षी मरतात आणि डावखुरे सहासष्टाव्या. डावखुरे नऊ वर्षे कमी जगतात, ही बातमी जगभर पसरली. चूक साधी होती. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला जन्मलेल्या पिढीत डाव्या हाताने लिहिणारे तीन-चार टक्केच होते, कारण उरलेल्यांना शाळेने उजवे करून टाकले होते. नंतरच्या पिढ्यांवरची सक्ती सैल झाली आणि प्रमाण दहा टक्क्यांच्या पुढे गेले. साहजिकच म्हातारपणी मरणाऱ्यांत 'उजवे' जास्त, तरुणपणी मरणाऱ्यांत डावखुरे जास्त. आयुर्मानात खरा फरक नव्हता. ती तीन-चार टक्क्यांवरून दहा टक्क्यांवर आलेली वाढ जनुकांमुळेही नव्हती. तेवढ्या वर्षांत जनुके बदलत नाहीत.

डावखुऱ्यांचे गोडवे गाणारे दावेही असेच तपासून घ्यावेत. डावखुरे अधिक बुद्धिमान असतात हे मोठ्या अभ्यासांत दिसत नाही. फरक असलाच तर नगण्य आहे. मैदानावर लाभ दिसतो, पण तो समोरच्याला विचार करायला वेळ किती मिळतो यावर ठरतो. अव्वल टेबल टेनिसपटूंत डावखुरे चौथ्या हिश्शाच्या आसपास आहेत, स्क्वॉशमध्ये दहा टक्क्यांच्या आतच. भाषेच्या बाबतीतही 'डावखुऱ्याचा मेंदू उलटा' ही समजूत खरी नाही: बहुसंख्य डावखुऱ्यांची भाषाही उजव्यांसारखीच मेंदूच्या डाव्या अर्ध्या भागात असते. डावखुरेपण हा दोष नाही, वरदानही नाही.

गैरसोय मात्र खरी आहे, आणि ती निसर्गाने केलेली नाही. पंगतीत डाव्या हाताने जेवणाऱ्याचे कोपर शेजाऱ्याला लागते. वर्गात डावखुरे मूल बाकाच्या उजव्या टोकाला बसवले, तर लिहिताना दोघांची कोपरे एकमेकांवर आदळतात. शिरोरेषा उजव्या हाताला ओढायची असते, डाव्या हाताला ती ढकलावी लागते. नीब कागदात रुतते आणि मागून येणारी करंगळी ओली शाई पुसत जाते. अक्षर खराब म्हणून मार खाल्लेल्या कितीतरी मुलांचा दोष एवढाच होता.

म्हणून पालकांना आणि शिक्षकांना सांगणे असे आहे. मूल तीन-चार वर्षांचे होईपर्यंत हात बहुधा स्पष्ट होतो. खडू त्याच्या मधोमध ठेवा आणि कोणता हात पुढे येतो ते फक्त पाहा. पहिल्या वाढदिवसाआधीच मूल एकच हात ठामपणे वापरत असेल, तर दुसऱ्या हातात अशक्तपणा नाही ना, हे बालरोगतज्ज्ञाला दाखवून घ्या. एरवी काहीही करू नका. डावखुऱ्या मुलाला बाकाच्या डाव्या टोकाला बसवा, वही वरच्या बाजूने उजवीकडे कलती ठेवू द्या, पेन्सिल टोकापासून थोडी वर धरायला शिकवा आणि कात्री डाव्या हाताची आणून द्या. आणि प्रसाद घ्यायला त्याने डावा हात पुढे केलाच, तर चारचौघांत तो हात मागे खेचू नका.